एकोणीस डबे, एक जामीन

वकिलाच्या ऑफिसात किस्से कसे साचतात, काही विचारू नका. निकाल लागला की फाइल दोरीनं बांधून माळ्यावर जाते. किस्सा मात्र वर जायला तयार नसतो. तो खाली चहाच्या कपापाशीच रेंगाळतो. मग कोर्टाला सुट्टी असते, दोन मैत्रिणी येतात, एखादी म्हणते, "सांग की गं काहीतरी!" आणि मी सुरू झाले की घरचा फोन येईपर्यंत थांबत नाही.

मी सांगलीत वकिली करते. माहेर कराडचं. आमचे सीनियर मगदूमसाहेब. साठीचे, जैन, अत्यंत सज्जन आणि संध्याकाळ झाली की अत्यंत घाईचे. कारण त्यांना सूर्य मावळायच्या आत जेवायचं असतं. चार वाजून गेले की ते जज्जांकडं कमी आणि खिडकीकडं जास्त बघतात.

एकदा समोरचे वकील फारच लांबण लावत होते. मगदूमसाहेब ताडकन उठले. "हरकत आहे!"

जज्जांनी विचारलं, "कशाला?"

साहेब खिडकीकडं बघत म्हणाले, "सूर्याला!"

तर असं आमचं ऑफिस. आज सांगते ते सगळे किस्से एकाच केसमधले आहेत. तासगावच्या पुढचं एक गाव. नाव सांगत नाही, कारण त्या गावचे द्राक्षवाले अजून दर सीझनला आम्हाला बेदाणा पाठवतात.

*

आधी केस सांगते, म्हणजे पुढं घोळ नको.

त्या गावात पिठाची गिरणी एकच. ती विलासची. तिथं माणसं रांगेत उभी राहत नाहीत, डबे राहतात. सकाळी डबा नेऊन ठेवायचा, घरी यायचं, धुणंभांडी उरकायची आणि आपला नंबर आला की परत जायचं. सोय चांगली होती. फक्त एक रीत होती. ती कुठं लिहिलेली नव्हती, पण अख्ख्या गावाला पाठ होती. बौद्ध वस्तीतला डबा कितीही लवकर येवो, तो शेवटी दळायचा. विलास तो मागं सरकवायचा. हातानं नाही, पायानं.

शालन कांबळे ही वस्तीतली पन्नाशीची बाई. बेदाण्याच्या शेडवर कामाला जाते. एका सकाळी तिनं सहा वाजता डबा नेऊन पहिला ठेवला. विलासनं तो पायानं मागं सारला. तिनं उचलून परत पुढं ठेवला. त्यानं परत सारला. तिनं परत ठेवला. तिसऱ्यांदा त्यानं डबा उचलून तिच्या अंगावर फेकला आणि जातीवरून जे बोलला ते मी इथं सांगणार नाही. तिचं मनगट मोडलं. ज्वारी रस्त्यावर गेली. बाई मोडकं मनगट पदरात धरून एसटीत बसली आणि थेट पोलीस ठाण्यात उतरली.

ॲट्रॉसिटीची केस झाली. विलासला अटक झाली. पोलिसांनी डबासुद्धा मुद्देमाल म्हणून जप्त केला. सांगलीच्या विशेष कोर्टानं विलासचा जामीन नाकारला आणि ती मंडळी हायकोर्टात अपील करायचं म्हणून आमच्याकडं आली.

म्हणजे आम्ही आरोपीच्या बाजूचे. हे आधीच सांगून टाकते, मागाहून कळलं म्हणून रागावू नका. वकील म्हणून मला त्या बाईचा थोडा तरी राग यायला हवा होता. कागद वाचले, फोटो बघितले, सांडलेली ज्वारी बघितली. नाही आला.

आता यात गावाचं काय अडलं होतं? सगळंच! विलास आत, गिरणीला कुलूप. त्याच्या वडिलांनी एकदा कुलूप काढून गिरणी चालवून बघितली. गव्हाचं पीठ करायला गेले आणि लापशी झाली. त्यानंतर गाव विलासच्या जामिनासाठी जसं पेटून उठलं, तसं ते ग्रामपंचायतीच्या इलेक्शनलाही कधी उठलं नव्हतं.

*

विलासचे वडील म्हणजे सुभेदार आबा. मिलिटरीतून रिटायर. सत्तरी ओलांडली तरी कणा ताठ, मिशा पांढऱ्याशुभ्र. नमस्कार करत नाहीत, सॅल्यूट ठोकतात.

पहिल्यांदा ऑफिसात आले तेव्हा त्यांनी माझ्या टेबलावरची पाटी वाचली. मग मला वाचलं. मग परत पाटी.

"जाधव व्हय? बरं बरं. कंचं जाधव, ताई?"

मगदूमसाहेबांना एकाएकी खोकला आला. हा प्रश्न मला नवा नाही. प्रत्येक पक्षकार विचारतो. कुणी गाव विचारतं, कुणी मामाचं आडनाव विचारतं, कुणी कुलदैवतावर येतं. सगळ्यांना पोचायचं असतं एकाच ठिकाणी.

मी म्हटलं, "एलएलबी जाधव."

आबा बराच वेळ विचार करत बसले. जाताना साहेबांच्या कानाशी लागून म्हणाले, "ही शाखा आमच्या भागात न्हाई."

*

विलासची आई, काकू, फार साधी बाई. अपील म्हटल्यावर ती रडायलाच लागली.

"आवं वकीलबाई, शिक्षा झाल्यावर अपील करत्यात की! माझ्या पोराला शिक्षा झाली आन मला कुनी सांगितलंबी न्हाई!"

मी समजावलं. शिक्षा नाही, खटला अजून सुरूसुद्धा नाही. इतर गुन्ह्यांत जामिनासाठी हायकोर्टात अर्ज करतात, या कायद्यात खालच्या कोर्टानं जामीन नाकारला की वर अपील करावं लागतं. नाव तेवढं वेगळं. काकूंचं रडणं काही थांबेना.

मग आबांनी सूत्रं हाती घेतली. "आगं, ऐक. खालच्या ऑफिसरनं रजा नाकारली. आता आपन वरच्या ऑफिसरकडं अर्ज करतुया. कळलं?"

काकूंनी डोळे पुसले. चेहरा उजळला. "मंजी पोरगं रजेवर येनार?"

"व्हय."

"किती दिसाच्या?"

*

हायकोर्ट म्हणजे मुंबई, हे आमच्याकडं लोकांच्या हाडात मुरलेलं. गावानं दोन जीपगाड्या ठरवून टाकल्या. चौदा जण येणार होते. समुद्र कुठं, राहायचं कुठं, कुणाच्या मेव्हण्याची खोली कुठं, सगळं प्लॅनिंग झालं. एकानं तर मुलाला शाळेतून सुट्टीसुद्धा मागून ठेवली.

मगदूमसाहेब म्हणाले, "अहो, मुंबई नाही. आता कोल्हापूरला बेंच झालंय. आपलं अपील तिथंच."

आमच्या वकिलांनी ज्या बेंचसाठी इतकी वर्षं उन्हातान्हात बसून आंदोलनं केली, त्याबद्दल एवढी निराशा मी कधी बघितली नव्हती.

आबा म्हणाले, "कोल्हापूर? साहेब, एवढी मोठी केस! कोल्हापूरला तर आमी म्हशी बघाय जातो."

साहेब म्हणाले, "आबा, कोर्ट तेच, अधिकार तेच, कायदा तोच."

"त्ये खरं हो," आबा म्हणाले, "पर लांब गेल्याबिगर न्याय मिळाल्यागत वाटत न्हाई."

जीपगाड्या रद्द झाल्या. शाळेतली सुट्टी मात्र त्या माणसानं मागं घेतली नाही.

*

आता एकोणीस जणांचा किस्सा. यातला प्रत्येक शब्द माझ्यासमोर घडलेला आहे.

या कायद्यात एक मुद्दा महत्त्वाचा असतो. जातीवरून अपमान झाला तो चार लोकांदेखत झाला का? मगदूमसाहेबांनी अपिलात लिहिलं होतं की त्या वेळी गिरणीपाशी दुसरं कुणीही हजर नव्हतं. विलासनं आत जाताना तसंच सांगितलं होतं. हे साहेबांनी आबांना नीट समजावून सांगितलं. आबांनी मान डोलावली. ऑर्डर घेतल्यासारखी.

चार दिवसांनी सकाळी ऑफिसखाली टेम्पो उभा राहिला. आबा वर आले. सॅल्यूट. "साहेब, काम फत्ते. साक्षीदार आनल्यात."

"कसले साक्षीदार?"

"असं काय झालंच न्हाई, असं सांगनारे. एकोणीस!"

माणसं जिना चढून वर आली. बसायला जागा पुरेना. काही खिडकीत टेकले. साहेबांनी डोक्याला हात लावला आणि मला खुणावलं, तू बघ. मी सगळ्यात पुढच्याला विचारलं, "तुम्ही त्या वेळी तिथं होता?"

"व्हय ताई. आमी समदी तिथंच हुतो."

"सगळे एकोणीस?"

"तर! लाइट गेलती न्हवं का. गिरणी बंद. समदी डब्यापाशी उभी."

"गिरणी बंद होती, म्हणजे आवाज नव्हता?"

"चिमणीचाबी न्हवता."

"आणि विलास काय बोलले?"

"आमी कायबी ऐकलं न्हाई!" सगळ्यांनी एका सुरात सांगितलं. तालीम चांगली झाली होती.

तेवढ्यात मागून एक म्हातारा बोलला. त्याला कदाचित तालमीला बोलावलं नसावं. "आमी कायबी ऐकलं न्हाई बगा. पर त्यानं असं बोलाय नगं हुतं."

मी साहेबांकडं बघितलं. साहेबांनी छताकडं बघितलं. मग अगदी हळू आवाजात म्हणाले, "आबा, मी लिहिलंय तिथं कुणीच नव्हतं. तुम्ही एकोणीस आणलेत. साक्षीदार उत्तम आहेत. फक्त ते त्या बाईचे आहेत."

आबांना एकदम सगळं उमगलं. मिशा खाली आल्या.

साहेबांनी त्याच दिवशी अपिलातलं ते वाक्य काढून टाकलं. म्हणाले, खोटं माहीत नसताना लिहिणं ही चूक, माहीत झाल्यावर ठेवणं हा गुन्हा. तेव्हापासून आमच्याकडं मुद्दा एकच उरला. चार्जशीट दाखल झालीय, तपास संपलाय, माणूस अडीच महिने आत आहे, आता अटी घालून सोडा.

एकोणीस जणांना मी म्हटलं, तुम्ही परत जा. तर कुणी हलेना. शेवटी त्या म्हाताऱ्यानं विचारलं, "ताई, हितं जवळपास गिरणी कुठं हाय?"

मी खिडकीतून खाली बघितलं. टेम्पोत मागं एकोणीस डबे ओळीनं लावलेले होते!

*

अपिलात फिर्यादी बाईला नोटीस द्यावीच लागते. तिचं म्हणणं ऐकल्याशिवाय जामिनाचा निर्णय होत नाही. हायकोर्टानं आम्हाला हमदस्त नोटीस दिली. हमदस्त म्हणजे टपालाची वाट न बघता आपणच नेऊन हातात द्यायची आणि सही आणायची. हे काम आमच्या ऑफिसचं. मी दुसऱ्या दिवशी जाणार होते. नोटिशीचं पाकीट टेबलावर होतं. आबा समोर बसले होते.

"हमदस्त मंजी?"

"हातोहात द्यायची."

मी चहा सांगायला बाहेर गेले, परत आले, तर पाकीट नाही आणि आबाही नाहीत.

आरोपीचा बाप फिर्यादीच्या घरी! उद्या तिच्या वकीलबाईंनी धमकी दिली असं लिहिलं की जामीन संपला. फोन लावला तर आबांचा फोन आमच्याच टेबलाखाली वाजला.

आबा दुसऱ्या दिवशी उगवले. सॅल्यूट. सही केलेली नोटीस टेबलावर.

मगदूमसाहेब कधी चिडत नाहीत, त्या दिवशी चिडले. "आबा! गेलातच कसे तुम्ही?"

"कोर्टाची ऑर्डर. ऑर्डर म्हंजे ऑर्डर."

"तुम्हाला नाही, आम्हाला!"

"तसं लिवलं न्हाई तिथं."

मी विचारलं, "घर कसं सापडलं?" हे मी सहज विचारलं होतं. पण आबा खाली बघत म्हणाले, "इचारत इचारत गेलो."

"विचारत? आबा, तुमच्याच गावात?"

"आमच्या गल्लीपास्नं दोनशे पावलं हाय, ताई. सत्तर वर्सांत कवा गेलोच न्हाई. शियाचीनमदी बरफात रस्ता चुकलो न्हाई, आन हितं दोनदा चुकलो."

मला हसू आलं आणि लगेच ओशाळल्यासारखं झालं. आबाही हसले नाहीत.

"बाई काय म्हणाल्या?"

"काय न्हाई. बस म्हणली. हाताला पट्टी तशीच हुती. डाव्या हातानं सही केली. च्या दिला."

"घेतलात?"

"घेतला की."

नोटीस दिल्याचं प्रतिज्ञापत्र कोर्टात द्यावं लागतं. कोण गेलं ते खरंखरं लिहावं लागणार होतं. मी तीन ओळींत लिहिलं. आबांनी वाचून घेतलं आणि सहीला नकार दिला.

"च्याचं न्हाई लिवलं."

"आबा, त्याची गरज नसते."

"शपथेवर लिवायचं तर समदं लिवा. च्या घेतला त्ये लिवा."

लिहिलं. हायकोर्टाच्या रेकॉर्डमध्ये आजही आहे. परिच्छेद चार.

*

मधल्या काळात एकदा काकू आल्या. तक्रार घेऊन.

गिरणी बंद झाल्यापासून गावातल्या बायकांना ओढ्यापलीकडच्या गावात दळायला जावं लागत होतं. शालनबाई तर पहिल्या दिवसापासून तिकडंच जायची. घरातली निळी बादली घेऊन, एका हातानं. डबा पोलिसांकडं ना!

"त्या गावाची पायवाट आमाला ठावं न्हवती," काकू म्हणाल्या. "मग आमी तिच्या मागनं जायाला लागलो. ती पुढं, आमी आठ-धा जनी मागं. बोलत न्हाई ती आमच्याशी. आमीबी न्हाई. पर गुमान चालतो."

"मग अडचण काय?"

"तिथं पोचली की तिची बादली पैली! रोज! तिथला गिरणीवाला म्हनतो, जी पैली येईल तिचं पैलं. आन आमी तिच्या मागं उभ्या ऱ्हायच्या?"

मी म्हटलं, "मग घरी काय म्हणतात?"

काकूंचा चेहरा अगदी पडला. "थोरली सून म्हनती, आत्ती, जरा लवकर उटत जावा."

*

सुनावणीचा दिवस. कोल्हापूर. आबा, काकू, आणि एकोणीसमधले जमतील तेवढे. शालनबाईंबरोबर फक्त त्यांच्या वकीलबाई. हाताचं प्लॅस्टर निघालं होतं. मनगट अजून वाकडं दिसत होतं.

मगदूमसाहेबांनी थोडक्यात मांडलं. सरकारी वकिलांनी विरोध केला. म्हणाले, सोडायचाच असेल तर खटला संपेपर्यंत त्यानं गावात पाऊल ठेवू नये. अशी अट नेहमी घालतात, आम्ही तयारच होतो. साहेब मान हलवणार एवढ्यात जज्जांनी प्रतिज्ञापत्र उलटलं. एका जागी थांबले. चष्मा वर केला.

"हा चहा कुणी घेतला?"

मागच्या बाकावर आबा खाडकन उभे राहिले. सॅल्यूट!

जज्जांनी त्यांना बसायची खूण केली आणि मराठीत विचारलं, "फिर्यादी बाई आल्यात का? तुम्हाला काही सांगायचंय?"

शालनबाई पुढं आल्या. मला वाटलं घाबरतील. अजिबात नाही.

"साहेब, कुनी दाब आनला का, म्हनून इचारत असाल तर न्हाई. त्याला सोडा म्हनाय आली न्हाई आन आत ठिवा म्हनायबी न्हाई. त्ये तुमचं काम हाय. पर गावाभायर नगं."

सरकारी वकीलच चकित झाले. "अहो बाई, तुमच्याच संरक्षणासाठी..."

"त्यो भायर ऱ्हायला तर गिरणी बंद ऱ्हानार. मग मी जितली का? मला वड्यापल्याड दळान मिळतंय की रोज. मला माझ्या गावात पायजे. त्याच गिरणीत. माझा डबा पैला हुता साहेब, त्यो पैला दळायचा ऱ्हायलाय."

मी समोरच्या बाजूची वकील, आणि माझे डोळे भरून आले. काय करणार, आले!

मग त्या जरा घुटमळल्या. "आन साहेब, माझा डबाबी तीन म्हैनं आत हाय. त्याचा काय गुन्हा? त्याला कवा जामीन मिळनार?"

आधी जज्ज हसले, मग सगळं कोर्ट हसलं. डब्यासाठी खालच्या कोर्टात अर्ज करा, म्हणाले. विलासला जामीन मिळाला. अट एक, फिर्यादीशी प्रत्यक्ष वा अप्रत्यक्ष, कोणत्याही प्रकारे बोलायचं नाही. अट दोन, ही मगदूमसाहेबांनी आपणहून हमी म्हणून लिहून दिली. गिरणीत डबे ज्या क्रमानं येतील, त्याच क्रमानं दळण होईल. यातलं काहीही मोडलं तर जामीन रद्द.

खटला पुढं चालणारच आहे. त्या केसचं काय व्हायचं ते होईल. बाहेर आल्यावर आबांनी मला विचारलं, "ताई, जिंकलं कोन?"

मी म्हटलं, "आबा, मला भूक लागलीय."

*

विलास सुटून गावी गेला त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मी ऑफिस उघडून झाडलोट करत होते. फोन वाजला. विलास.

"वकीलबाई! ती आलीया!"

"कोण?"

"शालनबाई! निळी बादली घिऊन! पैली ठिवलीय! मागं समदं गाव हाय!"

"मग दळा की. कोर्टाला हमी दिलीय आपण. क्रमानं दळायचं."

"आवं, दळतो की! पर गहू हाय बादलीत. बारीक दळू का जाडं, कसं कळायचं? इचारलं तर जामीन जाईल ना? न इचारता जाडं दळलं आन तिनं कंप्लेन्ट केली तर?"

मी खुर्चीत बसले. बारा वर्षांच्या वकिलीत असला प्रश्न मला कुणी विचारला नव्हता. "थांबा," मी म्हटलं. "बोलू नका. दुसऱ्या कुणाला विचारायला लावू नका, तेही बोलणंच होतं. गिरणी बंद करा आणि गप्प उभे राहा. फोन स्पीकरवर ठेवा."

गिरणीची घरघर थांबली. पलीकडं एवढी शांतता झाली की फोन कट झाला की काय असं वाटलं. मग कुठंतरी डब्याचं झाकण वाजलं.

आणि लांबून, अगदी सावकाश, शालनबाईंचा आवाज आला. कुणाला उद्देशून नाही. जसं काही समोरच्या भिंतीला सांगावं तसा.

"बारीक."

विलास घाईघाईनं फोनवर कुजबुजला, "बाई, तुमाला आईकू आलं का? मला नीट... काय म्हनली?"

मी उत्तर देणार तेवढ्यात त्याच्या मागून, रांगेतून, एकोणीसच्या एकोणीस जण एका सुरात ओरडले,

"बारीक म्हनली! आमी ऐकलं!"